पाळणा थांबला, हिशेब राहिला



शाळेच्या प्रवेशासाठी जातीचा दाखला हवा होता, म्हणून आमच्या गल्लीतल्या एका घरी पत्र्याची जुनी पेटी उघडली गेली. दाखला सापडला तो अगदी तळाशी. त्याच्या आधी हाती लागला एक फोटो. कडा पिवळ्या पडलेल्या, मधोमध घडी पडलेली. फोटोत बोटीच्या धक्क्यावर उभी असलेली आम्ही बावीस माणसे. बायकांच्या डोक्यावर पदर, पोरांच्या डोक्यावर कागदी टोप्या, एका काकांच्या हातात भाकरीचे गाठोडे आणि पाठीमागे खाडीचे पाणी. फोटोच्या मागे निळ्या शाईने लिहिलेले : "एस्सेल वर्ल्ड, गोराई. मे १९९७."

नातीने विचारले, "आजी, हे कुठं आहे? आपण पण जाऊ ना!"

आजी म्हणाली, "बंद झालं ग बाई ते."

"कायमचं?"

"कायमचं."

पोर गप्प बसली. तिच्याबरोबर आम्हीही गप्प बसलो. घरातले माणूस गेले तर आपण सारे जमतो, त्रिसरण-पंचशील घेतो, पुण्यानुमोदन करतो, चार शब्द बोलतो. पण एखादी जागा गेली तर? जिथे आपली पोरे पहिल्यांदा पोट धरून हसली, जिथे आपल्या आयांनी घाबरून डोळे मिटले आणि मग पुन्हा एकदा बसू म्हणून हट्ट धरला, ती जागा बंद झाली तर तिला निरोप कोण देणार? म्हणून आजचे सदर त्या निरोपासाठी.

कोणी म्हणेल, खायचे-प्यायचे, शिक्षणाचे, नोकरीचे एवढे प्रश्न पडलेले असताना पाळण्याचे काय घेऊन बसलात? बंधू-भगिनींनो, थोडे थांबा. पाळण्याची गोष्ट वाटते तेवढी लहान नाही.

१४ ऑक्टोबर १९५६ नंतर आमच्या आजी-आजोबांनी देव्हारे रिकामे केले. नवस सुटले, बोकड सुटले, अंगात येणे सुटले. जत्राही सुटल्या. जे सुटले ते बरेच झाले, त्याची खंत आम्हांला कधी वाटली नाही. पण जत्रेत देव एकटाच नसायचा. तिथे गोडीशेव असायची, रेवड्या असायच्या, बांगड्यांची दुकाने, फुगे, मौत का कुआँ आणि सगळ्यांच्या डोक्यावरून फिरणारा आकाशपाळणा असायचा. लहान पोराला देव कुठे हवा असतो? त्याला पाळणा हवा असतो.

नाशिकमध्ये नवरात्रात कालिका मंदिराच्या यात्रेचे पाळणे लांबून दिसतात. आमची लहानपणची कितीतरी नवरात्रे ते दिवे लांबून बघण्यात गेली. आईने हात घट्ट धरलेला आणि मान मात्र मागे वळलेली. एखादी आई नवऱ्याला न सांगता पोरांना घेऊन जायची, पाळण्यात बसवायची आणि घरी येताना बजावायची, "बापाला सांगू नका." ती माउली धम्म सोडायला गेली नव्हती. ती फक्त पोराला पाळण्यात बसवायला गेली होती. आपल्या चळवळीने आपल्याला व्याख्याने दिली, मिरवणुका दिल्या, भीमगीते दिली, वाचनालये दिली. हे ऋण फार मोठे आहे. पण ज्या जागी देवही नाही आणि भाषणही नाही, नुसती पोरांची मजा आहे, अशी जागा आपल्या पोरांना कुठे होती?

अशात १९८९ साली मुंबईच्या गोराईला एस्सेल वर्ल्ड सुरू झाले. दूरदर्शनवर त्याची जाहिरात लागायची. बागेत रमलेला पोरगा घरी जायला तयार नाही, अशी ती जाहिरात. तिची चाल वस्तीतल्या प्रत्येक पोराच्या तोंडी बसली. ज्यांच्या घरी टीव्ही नव्हता, त्यांची पोरेसुद्धा ते गाणे म्हणत नळावर पाणी भरायची. शेवटी आयांनीच ठरवले की एकदा जायचेच. वर्षभर घरटी दर महिन्याला दहा-दहा रुपये गोळा केले. कोणी सातपूरच्या कारखान्यातून, कोणी बिडीच्या पैशातून, कोणी धुण्याभांड्यातून काढून ठेवले. हिशेबाची वही एका ताईकडे. कोणाचा हप्ता चुकला तर ताई दारात उभी राहायची. ती काही बोलायची नाही, नुसती वही उघडायची.

मे महिन्यात मध्यरात्री भाड्याची गाडी निघाली. कसाऱ्याच्या घाटात अर्धी पोरे ओकली. भिवंडीला उजाडले. घोडबंदर रस्त्याने बोरिवली, तिथून गोराईची खाडी आणि मग बोट. आमच्यातल्या निम्म्या बायकांनी त्या दिवशी पहिल्यांदा बोटीत पाय ठेवला. धक्क्यावर बसून भाकरी-ठेचा खाल्ला, फोटो काढला आणि आत गेलो.

आत गेल्यावर काय काय पाहिले, ते पोरांनी पुढे वर्षभर सांगितले. झिपर डिपर नावाची रुळावरून धावणारी गाडी. उलटी करून फिरवणारा हूला लूप. अंधाऱ्या भुताच्या घरात आमचे एक दांडगे मामा सगळ्यांत मोठ्याने ओरडले, ते अजून कोणी विसरलेले नाही. साठी ओलांडलेल्या एका आजीने पाळण्यात बसणार नाही म्हणून सांगितले, मग नातवासाठी म्हणून बसल्या आणि खाली उतरल्यावर म्हणाल्या, "उभ्या जन्मात एवढ्या उंचावरून काही पाहिलं नव्हतं." शेतात वाकून आणि नंतर बांधकामावर पाट्या वाहून ज्यांची पाठ कायमची वाकली, त्या बाईचे हे बोलणे आहे.

आणखी एक गोष्ट होती. तिच्याबद्दल त्या दिवशी कोणी बोलले नाही, पण मोठ्यांच्या लक्षात ती आली होती. तिकिटाच्या खिडकीत माणूस पैसे मोजत होता. आडनाव विचारत नव्हता. भाड्याने खोली शोधताना आडनाव विचारतात, गावाकडच्या लग्नाच्या पंगतीत विचारतात, नोकरीच्या ठिकाणी पहिल्याच दिवशी चहा पिता पिता विचारतात. या रांगेत आमच्या पुढे कोण आहे आणि मागे कोण, कोणालाच ठाऊक नव्हते. ज्याच्याकडे तिकीट, त्याला पाळणा. एवढाच नियम.

ज्या शहरात २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराच्या दारात सत्याग्रह सुरू झाला आणि तो पाच वर्षे चालला, त्या शहरातल्या माणसांना दाराचे मोल सांगावे लागत नाही. बाबासाहेबांनी आणि दादासाहेब गायकवाडांनी ते आंदोलन देवाच्या ओढीने केले नव्हते. सर्वांसाठी म्हणून जी जागा आहे, ती खरोखर सर्वांची असली पाहिजे, हा त्यातला मुद्दा होता. १९२७ साली महाडच्या तळ्यावरही मुद्दा तोच होता. तळे असो, मंदिर असो की पोरांची बाग असो, प्रश्न दाराचा असतो.

हे आम्ही ओढूनताणून जोडत नाही. अमेरिकेत काळ्या लोकांचे नेते मार्टिन ल्यूथर किंग यांना १९६३ साली बर्मिंगहॅमच्या तुरुंगात टाकले होते. तिथून त्यांनी एक मोठे पत्र लिहिले, ते जगभर गाजले. आम्हांला अजून थांबायला का सांगता, या प्रश्नाचे उत्तर देताना त्या पत्रात त्यांनी आपल्या सहा वर्षांच्या मुलीची गोष्ट सांगितली आहे. टीव्हीवर फनटाउन नावाच्या बागेची जाहिरात लागते. मुलगी विचारते, मला तिथे का जाता येत नाही? काळ्या मुलांना तिथे प्रवेश नाही, हे तिला सांगताना बापाची जीभ अडखळते आणि मुलीच्या डोळ्यांत पाणी येते. एवढा मोठा नेता, एवढा मोठा लढा आणि त्याच्या पत्रात पोरीच्या पाळण्याची गोष्ट! पोरीला पाळण्याचे दार बंद झाले, तेव्हाच तिच्या मनात पहिल्यांदा कमीपणा शिरला, हे त्या बापाला कळले होते.

त्याच्या तीन वर्षे आधी, ३० जून १९६० रोजी, वॉशिंग्टन शहराजवळच्या ग्लेन एको नावाच्या बागेत काळे विद्यार्थी लाकडी घोड्यांच्या गोल पाळण्यावर जाऊन बसले. उतरा म्हटले तरी उतरले नाहीत. अटक झाली. मग तो सारा उन्हाळा बागेच्या दारात निदर्शने झाली, शेजारच्या वस्तीतले गोरे लोकही त्यांत सामील झाले आणि १९६१ च्या हंगामात ती बाग सर्वांना खुली झाली. चवदार तळ्याची आठवण व्हावी, अशीच ही गोष्ट. पुढे १९६८ साली ती बाग बंद पडली. तो लाकडी घोड्यांचा पाळणाही विकला गेला. तेव्हा आसपासच्या लोकांनी वर्गणी काढली, ८० हजार डॉलर जमवले आणि पाळणा परत विकत घेतला. १९२१ साली बनवलेला तो पाळणा आज शंभरी ओलांडून गेला आहे आणि ज्या जागी विद्यार्थ्यांना अटक झाली, त्याच जागी फिरतो आहे. ही गोष्ट वाचकांनी लक्षात ठेवावी. शेवटी आम्ही तिच्याकडे परत येणार आहोत.

आता पुन्हा गोराईला येऊ.

१९९७ नंतर आमची वस्ती गोराईला परत गेली ती २००९ साली. त्या वर्षी ८ फेब्रुवारीला ग्लोबल विपश्यना पॅगोडाचे राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांच्या हस्ते उद्घाटन झाले होते. हा पॅगोडा एस्सेल वर्ल्डला लागूनच आहे. त्याची जमीन एस्सेल समूहाचे सुभाष चंद्रा यांनी दान दिली, ते स्वतः विपश्यनेचे साधक. आपल्याच जिल्ह्यातल्या इगतपुरीच्या धम्मगिरीवरून विपश्यना देशभर नेणाऱ्या सत्यनारायण गोएंका गुरुजींनी हा पॅगोडा उभा करवला. घुमटाचा व्यास सुमारे २८० फूट, मध्ये एकही खांब नाही, दगडात दगड अडकवून पेललेला. आत एका वेळी आठ हजार माणसे ध्यानाला बसू शकतात.

त्या वेळी वस्तीत मोठा वाद झाला. आज्यांना पॅगोडा पाहायचा होता, पोरांना एस्सेल वर्ल्ड. शेवटी लक्षात आले की धक्का तोच आणि बोटही तीच. एकाच बोटीत बसलेल्या दोन पिढ्या, एक शांत बसायला निघालेली आणि दुसरी ओरडायला. आज्या घुमटाखाली डोळे मिटून बसल्या. एका आजीने बाहेर आल्यावर सांगितले, "माझं मन कुठं लागलं बाई? सारखं वाटत होतं, पोरगं पट्टा बांधून बसलं असेल ना?" आम्ही पोट धरून हसलो. पण पोराच्या पट्ट्याची काळजी हीसुद्धा मैत्रीभावनाच आहे, असे आम्हांला वाटते.

मग २०२० साली कोरोना आला. कारखाने थांबले, शाळा थांबल्या, पाळणे थांबले. पुढे कारखाने सुरू झाले, शाळा भरू लागल्या. एस्सेल वर्ल्ड मात्र २०२२ साली बंद झाले. शेजारचा पाण्याचा बगीचा, वॉटर किंगडम, त्यानंतरही चालू राहिला. ३३ वर्षांची ती बाग गेली, तेव्हा महाराष्ट्रभरच्या लोकांनी आपापल्या पेट्यांमधले जुने फोटो बाहेर काढले. कोणाची शाळेची सहल, कोणाचे लग्नानंतरचे पहिले फिरणे, कोणाचा हरवलेला आणि मग सापडलेला भाऊ. निरोपाचा समारंभ झाला नाही, तरी निरोप मात्र घराघरांत दिला गेला. पॅगोडाला जाऊन आलेली आमच्या वस्तीतली एक ताई सांगत होती, "सगळं तसंच आहे, पण पाळण्याच्या बाजूनं पोरांचा ओरडा येत नाही. शांतता पॅगोडात बरी वाटते, बाहेर नाही."

दिल्लीकरांना निदान शेवटचा दिवस मिळाला होता. १९८२ च्या आशियाई स्पर्धांच्या छोट्या हत्तीवरून नाव ठेवलेले अप्पू घर १९८४ साली प्रगती मैदानावर सुरू झाले आणि फेब्रुवारी २००८ मध्ये बंद झाले. जागा इतर सरकारी कामासाठी हवी होती. तारीख ठाऊक होती, म्हणून लोक शेवटचे एकदा पोराबाळांना घेऊन गेले. लहानपणी स्वतः ज्या पाळण्यात बसले, त्यात आपल्या पोरांना बसवून आले. आम्हांला त्यांचा हेवा वाटतो. माणसाला निरोप घेता आला, तर दुःख अर्धे होते.

पण भगिनींनो, गोराई दूर आहे. आमच्या घराजवळच्या बागेचे काय झाले?

आपल्या त्रिरश्मी लेण्यांच्या, म्हणजे पांडवलेण्यांच्या पायथ्याशी नाशिक महापालिकेने दादासाहेब फाळके यांचे स्मारक उभारले. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या आणि १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट काढणाऱ्या नाशिककराचे स्मारक. त्यात हिरवळ होती, संगीताच्या तालावर नाचणारे कारंजे होते, पोरांसाठी पाण्याचा बगीचा होता. शेजारीच बुद्ध स्मारकाचा पांढरा घुमट. बुद्धपौर्णिमेला आम्ही सकाळी डोंगर चढून लेण्यांत वंदना घ्यायचो, खाली येऊन स्मारकात बसायचो, डबे सोडायचो आणि पोरांना पाण्यात सोडायचो. गोराईला वर्षभर पैसे साठवून जावे लागत होते. इथे सिटी बसने जाता येत होते. गरिबाच्या पोराची हीच खरी बाग. पुढे कारंजे थांबले, पाण्याचा बगीचा बंद पडला, गर्दी ओसरली. त्याला निरोप द्यायलाही कोणी गेले नाही. बाग एका दिवसात बंद झाली असती, तर लोक जमले असते. ती रोज थोडी थोडी बंद होत गेली, म्हणून कोणाच्या लक्षात आले नाही.

कोण चुकले, हे ठरवणे या सदराचे काम नाही. आम्हांला एकच प्रश्न पडतो. पायथ्याची बाग वीस-पंचवीस वर्षांत थकते आणि तिच्या डोक्यावरची लेणी दोन हजार वर्षे उभी राहतात, हे कसे? दगड मजबूत म्हणून, असे उत्तर कोणीही देईल. पण ते अर्धेच उत्तर आहे. उरलेले अर्धे उत्तर लेण्यांच्या भिंतीवरच कोरलेले आहे.

दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याचा लेख आहे. वर्ष ४२, महिना वैशाख. आपल्या बुद्धपौर्णिमेचाच महिना! सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीचा हा लेख. त्यात उषवदात सांगतो की, हे लेणे मी संघाला दिले. एवढ्यावर तो थांबत नाही. त्याबरोबर त्याने तीन हजार कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, कायम ठेव म्हणून दिली. ठेव कोणाकडे? जवळच्या गोवर्धन गावातल्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे कष्टकऱ्यांच्या संघटनांकडे. दोन हजार एका श्रेणीकडे, दर महिना शेकडा एक या व्याजाने. एक हजार दुसऱ्या श्रेणीकडे, दर महिना शेकडा पाऊण या व्याजाने. मूळ रक्कम कधीही काढायची नाही, फक्त व्याज वापरायचे, अशी अट. या ठेवीला अक्षयनीवी म्हणत.

आता आपल्या ताईच्या वहीसारखा हिशेब करून पाहा. दोन हजारांवर शेकडा एक, म्हणजे महिन्याला २० कार्षापण. वर्षाचे २४०. लेण्यात वर्षावासाला राहणारे भिक्खू २०. प्रत्येकाला चीवरासाठी १२ कार्षापण. वीस बारे २४०! एकही नाणे कमी नाही, एकही जास्त नाही. उरलेल्या एक हजारांचे वर्षाला ९० होतात, ते भिक्खूंच्या इतर किरकोळ गरजांसाठी. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे हा सगळा व्यवहार निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, वाचून दाखवला गेला आणि फलकावर लिहून ठेवला गेला, असे लेखच सांगतो.

म्हणजे एकोणीसशे वर्षांपूर्वीच्या नाशिकमध्ये जागा देणाऱ्याने नुसती जागा दिली नाही. ती जागा चालवायची कशी, पैसा येणार कुठून, कोण सांभाळणार, कोणावर किती खर्च होणार, हे सगळे पहिल्याच दिवशी ठरवले आणि चारचौघांत जाहीर केले. आज आपल्याकडे बागेच्या उद्घाटनाची कोनशिला बसते. तिच्यावर पाहुण्यांची नावे असतात. पंपाची दुरुस्ती कोण करणार आणि कशातून करणार, ते कोणत्या दगडावर लिहिलेले असते?

आमच्यातली शहाणी माणसे लगेच म्हणतील, सर्व संस्कार अनित्य आहेत, हे तथागतांनीच सांगितले आहे. जे निर्माण झाले ते नष्ट होणार, मग बागेसाठी रडायचे कशाला? बरोबर आहे, अनित्य आहे. पण अनित्य म्हणजे दुर्लक्ष करायला परवाना नव्हे. तथागतांनी शेवटच्या उपदेशात सर्व अनित्य आहे असे सांगितले आणि लगेच अप्रमादी राहा, गाफील राहू नका, असेही सांगितले. पहिले वाक्य आपण पाठ केले आणि दुसरे विसरलो. शरीर अनित्य आहे म्हणून आपण पोराला लस टोचायची थांबत नाही. झाड अनित्य आहे म्हणून त्याला पाणी घालायचे सोडत नाही. २०२३ साली श्रीलंकेतल्या अनुराधापूरच्या बोधिवृक्षाची फांदी याच त्रिरश्मीच्या पायथ्याशी लावली गेली. तो अनुराधापूरचा वृक्ष दोन हजारांहून अधिक वर्षे जगला, तो काही आपोआप नव्हे. पिढ्यान् पिढ्या कोणीतरी पाणी घातले, टेकू दिला, राखण केली.

म्हणून आमचे म्हणणे असे. खाजगी बाग होती, ती गेली. तिने आपल्या पोरांना जे दिले, त्याबद्दल तिचे आभार मानू आणि तिला निरोप देऊ. पण सार्वजनिक बाग म्हणजे आपल्याच घरपट्टी-पाणीपट्टीतून उभी राहिलेली बाग. तिला निरोप द्यायचा नसतो, तिचा हिशेब मागायचा असतो. ज्याच्याकडे पैसे आहेत, तो मुलांना घेऊन लोणावळ्याला जाईल, परदेशी जाईल. ज्याची सुटी रविवारची एकच आणि खिसा महिनाअखेरीला रिकामा, त्याच्या पोराला वस्तीजवळची बागच हवी. सार्वजनिक बाग बंद पडली, की दार पुन्हा बंद होते. आता तिथे आडनाव विचारत नाहीत, पैसे विचारतात. पोराला बाहेर उभे राहावे लागते, ते तसेच.

मग करायचे काय? मोठे काही नाही. आपल्या प्रभागात नवी बाग होणार असे कळले, तर पहिला प्रश्न उद्घाटनाला कोण येणार, हा विचारू नका. दरवर्षी देखभालीला किती पैसे ठेवले आहेत, हे विचारा. ते लेखी मागा आणि फलकावर लावायला सांगा. महिला मंडळाने महिन्यातून एकदा बागेत बैठक घ्यावी. जिथे आया बसतात, तिथली मोडकी घसरगुंडी फार दिवस मोडकी राहत नाही. आणि ग्लेन एकोच्या लोकांनी जसा पाळणा परत आणला, तसे एखादे खेळणे तरी आपल्या वर्गणीतून वाचवता येते का, ते पाहा. विहाराच्या अंगणात एक झोका टांगायला ठराव लागत नाही. जयंतीच्या वर्गणीतून लाउडस्पीकरचा एक जोड कमी केला, तरी झोक्याची सोय होईल. बाबासाहेबांना त्याचे वाईट वाटणार नाही, याची आम्हांला खात्री आहे.

त्या फोटोचे पुढे काय झाले, ते सांगून थांबतो. आजीने तो पेटीत परत ठेवला नाही. बत्तीस पानांची नवी वही आणली आणि पहिल्या पानावर खळीने तो चिकटवला. त्याखाली नातीच्या हस्ताक्षरात लिहिले : "मुलांच्या सहलीची ठेव." गल्लीतल्या अकरा घरांनी नावे दिली आहेत. पुढच्या बुद्धपौर्णिमेला लेण्यांवर वंदना घ्यायची, पोरांना दहाव्या लेण्यातला तो लेख दाखवायचा आणि उन्हाळ्याच्या सुटीत जो पाळणा चालू असेल त्या पाळण्यापर्यंत त्यांना न्यायचे, असे ठरले आहे. जुन्या ताई आता थकल्या आहेत, तरी हप्ता गोळा करायला त्याच जाणार. त्यांच्या सोबत नात जाणार. ती नुसती वही उघडते की तोंडानेही मागते, ते पाहू.

तुमच्या पेटीतही असा एखादा फोटो असेल. तो काढा. पोरांना दाखवा. त्यांनी "बंद का झालं?" असे विचारले, तर नशिबाला बोल लावून विषय संपवू नका. त्यांना उषवदाताचा हिशेब समजावून सांगा.

जयभीम.